आपल्या फोनवर हे अ‍ॅप चालणार नाही

माझ्या फोनला काहीही झालेलं नाही, हे आधीच सांगून ठेवतो. काच फुटलेली नाही, बॅटरी फुगलेली नाही, पाण्यात पडलेला नाही. आठ वर्षं वापरतोय. पलीकडच्याचा आवाज स्वच्छ येतो, पलीकडच्याला माझा तर जरा जास्तच येतो. तरी गेल्या उन्हाळ्यात या धडधाकट फोननं तीन आठवडे माझा जो छळ मांडला, तो पस्तीस वर्षांच्या धंद्यात एकाही जळक्या मोटारीनं मांडला नव्हता.

धंदा मोटार रिवाइंडिंगचा. शिवाजी पेठेत तालमीच्या मागच्या बोळात दुकान आहे. विहिरीवरचे पंप, पिठाच्या गिरणीच्या मोटारी, कधी घरातला मिक्सर. मोटार खोलायची, जळालेली तांब्याची तार उपसून काढायची, नवी भरायची, वार्निश मारून वाळवायची, की ती पुन्हा फिरायला लागते. गिऱ्हाईक मला मिस्त्री म्हणतात. कुठलीही वस्तू बंद पडली की मी पहिल्यांदा एवढंच विचारतो, जळलं काय? काही ना काही जळलेलं असतंच, आणि जे जळलंय ते बदलता येतं. या एका हिशेबावर माझं आयुष्य बरं चाललं होतं.

तर एका सोमवारी दुपारी तीन वाजता मी नेहमीसारखा फोनवरचा ल्युडो उघडला. सोंगट्या दिसायच्या ऐवजी एक पांढरी पाटी आली. गेम पुढं चालू ठेवायचा असेल तर नवीन आवृत्ती घ्या. खाली एकच बटण. नको म्हणायची सोयच ठेवलेली नाही.

बासष्ट वर्षांचा माणूस ल्युडोपायी एवढा का चिडला, असं कुणालाही वाटेल. तर त्या गेममध्ये माझ्यासमोर रोज माझी थोरली बहीण असायची. अक्का. नेसरीला दिलेली. आणि आम्ही दोघं नऊ वर्षं एकमेकांशी एक शब्द बोललो नव्हतो.

अबोल्याचं कारण तिच्या पोराचं लग्न. मी त्या पोराचा सख्खा मामा. आमच्याकडं लग्नाचं बोलावणं घरी येऊन, अक्षता देऊन करायचं असतं, आणि मामाला सगळ्यांच्या आधी. कारण मंगलाष्टका चालू असताना भाच्याच्या पाठीशी मामालाच उभं राहायचं असतं. मला पत्रिका आली ती नेसरीच्या एका गिऱ्हाइकाच्या हातून. तो जळलेली मोटार घेऊन आला होता आणि पत्रिका त्याच पोत्यात घातली होती. पत्रिकेच्या गणपतीला ग्रीस लागलं होतं. माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. मी लग्नाला गेलो नाही. मामा म्हणून कुणी चुलत भाऊ उभा राहिला म्हणे. तिनं फोन केला नाही, मीही केला नाही. लग्नाच्या आधीचे पंधरा दिवस दाजी दवाखान्यात होते आणि अक्काला त्यांच्या उशापासून हलता येत नव्हतं, हे मला कळलं तेव्हा वर्ष उलटून गेलं होतं. वर्षभर केलेला राग परत कसा घ्यायचा, हे मला कुणी शिकवलेलं नाही.

दोन वर्षांपूर्वी अक्काच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. ती घरात बसून राहिली, म्हणून सुनेनं तिच्या फोनवर ल्युडो घालून दिला आणि मला खेळायचं बोलावणं पाठवलं. दोन दिवस मी ते नुसतं बघितलं. तिसऱ्या दिवशी बटण दाबलं. पहिल्याच डावात अक्कानं माझ्या चार सोंगट्या मारल्या. लहानपणी आम्ही फरशीवर खडूनं पट काढून चिंचोक्यांनी खेळायचो, तेव्हाही तिनं कधी दया केली नव्हती. मी सोंगटी घरी न्यायला टेकलो की नेमकी मागून येऊन मारायची आणि वर तोंड पाडून म्हणायची, मला दिसलंच नाही.

तेव्हापासून रोज तीन वाजता खेळायचं, हे न ठरवता ठरून गेलं. दुकानाला अर्धं शटर लावून मी बसायचो. बोलायचं नाही. फोन नाही, मेसेज नाही. गेममध्ये हसणारं तोंड आणि रडणारं तोंड अशी दोन चित्रं होती, तेवढी पाठवायची. पण फासा टाकायला तिला उशीर झाला की मला कळायचं, चुलीवर चहा ठेवलाय. भराभर टाकायला लागली की कळायचं, आज घरात कुणावर तरी रागावली आहे. दोन दिवस आली नाही तर मला जेवण गोड लागायचं नाही. एवढं सगळं त्या फालतू गेमवर चाललं होतं आणि आम्हा दोघांनाही ते कबूल करायचं नव्हतं.

म्हणून ती पांढरी पाटी बघून माझं डोकं फिरलं. मी खेळायला आलो नाही तर तिला काय वाटणार? हा पुन्हा रुसला. दोन वर्षांत कसंबसं जोडलेलं तुटणार, आणि या वेळी माझी काही चूक नसताना.

बटण दाबलं. उत्तर आलं, जागा अपुरी आहे. मग मी जागा करायला बसलो. तालमीच्या ग्रुपवर आलेले फुटबॉलचे व्हिडिओ काढले. एकाच गोलाचे सात व्हिडिओ, सात जणांनी सात बाजूंनी काढलेले, प्रत्येकात गोलापेक्षा शिव्या जास्त. शुभ सकाळची फुलं काढली. ती काढताना अंगठा दुखला, एवढी फुलं माझ्या लग्नातही नव्हती. तरी जागा अपुरीच. फोनबरोबर आलेली अ‍ॅपं काढायला गेलो तर ती निघत नाहीत. त्यात एक शेअरबाजाराचं, एक होकायंत्राचं. मला होकायंत्र कशाला? रंकाळा कुठल्या अंगाला आहे हे मला झोपेतसुद्धा सांगता येतं. मी विकत घेतलेल्या फोनमध्ये दुसऱ्याचं सामान कायमचं मांडून ठेवलंय आणि माझ्या बहिणीला बसायला जागा नाही, हा कुठला न्याय?

मंगळवारी पुन्हा काढाकाढी केली. आता जागा झाली. नवीन आवृत्ती यायला लागली. हिरवी रेघ सरकत सरकत शेवटाला आली आणि थोडीशी उरली असताना थांबली. पाच मिनिटं बघितलं, दहा मिनिटं बघितलं. दुकानात गिऱ्हाईक आलं, त्याला मी बस म्हणालो. गिऱ्हाईक उठून गेलं, रेघ तिथंच.

इथं माझा मिस्त्रीपणा नडला. माझ्या धंद्यात अडलेली वस्तू पूर्ण खोलल्याशिवाय नीट होत नाही. जुनी तार उपसून काढल्याशिवाय नवी भरता येत नाही. मी तोच नियम लावला. जुना गेमच काढून टाकावा, म्हणजे नवा मोकळेपणी येईल. काढून टाकू का, असं फोननं विचारलं. मी व्हय म्हणून बटण दाबलं. दाबताना मला आपल्या हुशारीचं कौतुकही वाटलं. मग नवीन घ्यायला गेलो, तर नवीन पाटी. आपल्या फोनवर हे अ‍ॅप चालणार नाही.

आता नवा येईना आणि जुना राहिला नाही. मोटार खोलून ठेवावी आणि बाजारात त्या मापाची तारच मिळू नये, तसं झालं. मी फोन बंद करून चालू केला. तीनदा केला. बायको म्हणाली, ह्यानं काय हुतंय? मी म्हणालो, मला काम करू दे.

चार दिवस मी फोनशी झटापट करत होतो. कुणी सांगितलं तारीख बदलून बघा, बदलली. कुणी सांगितलं आतली सिस्टीम नवीन करा, तर तिथं लिहून आलं की तुमची सिस्टीम एकदम ताजी आहे. म्हणजे एक खिडकी म्हणते जुना आहे, दुसरी म्हणते ताजा आहे, आणि दोन्ही खिडक्या एकाच फोनच्या. मी घरात जेवताना, आंघोळीला जाताना, सगळीकडं बडबडत होतो. रोज तीन वाजले की मी अर्धं शटर लावून उगीच फोन उघडून बसायचो. आता अक्का फोन घेऊन बसली असेल. हिरव्या सोंगट्या मांडून बसली असेल. आता तिला राग आला असेल.

बायकोनं एकदा भाकरी थापता थापता सरळ विचारलं.

"अवो, त्यो फोन हाय न्हवं?"

"हाय की."

"मंग वन्संना फोन लावा की त्यावरनं. सांगा, गेम बंद पडलाय."

"तिनं लावला न्हाय, मी का लावू?"

"तुमचा गेम बंद पडलाय. त्यांना काय सपान पडणार हाय?"

मी ताटावरून उठलो. ती म्हणत होती ते खरं होतं आणि म्हणूनच मला ऐकवत नव्हतं. नऊ वर्षांनी फोन लावायचा आणि पहिलं वाक्य काय बोलायचं, तर ल्युडो चालत नाही? हे माझ्या तोंडून निघणार नव्हतं. गेम परत चालू झाला असता तर काहीच बोलावं लागलं नसतं. मला तेवढंच हवं होतं.

दुसऱ्या आठवड्यात राजारामपुरीतल्या एका मोबाईलवाल्याकडं गेलो. ओळखीचा आहे, त्याच्या घरची पाण्याची मोटार मी दोनदा भरून दिली आहे. त्यानं फोन हातात घेतला, उलटासुलटा केला आणि दवाखान्यातल्या डॉक्टरसारखा सुस्कारा टाकला.

"मिस्त्री, आठ वर्साचा फोन हाय ह्यो."

"माझं ड्रिल मशीन पस्तीस वर्साचं हाय. ते कधी म्हणालं न्हाय, मला दुसरा मिस्त्री पायजे म्हणून."

"मशीनचं येगळं असतंय."

"ह्यात जळलं काय ते सांग. मी बदलतो."

"काय बी जळलं न्हाय."

"मंग?"

"मंग काय न्हाय. जुना झालाय, एवढंच."

एवढंच. मला त्याच्या काउंटरवर डोकं आपटावंसं वाटलं. काही जळलेलं नाही, काही तुटलेलं नाही, सगळं जागच्या जागी आहे, आणि तरी तुम्ही आता चालत नाही. दुकानात माझ्यापेक्षा वयानं लहान सात-आठ माणसं उभी होती. त्या वाक्यानं मला फोनसाठी वाईट वाटलं का स्वतःसाठी, हे त्या क्षणी नीट कळलं नाही. राग मात्र आला.

माझं तोंड बघून त्याला दया आली असावी. त्यानं कुठल्यातरी आडवाटेनं त्या गेमची, नवीन आवृत्ती घ्या असं न म्हणणारी जुनी आवृत्ती शोधून काढली आणि घातली. फोन कळवळून सांगत होता की हे धोकादायक असू शकतं. घाल म्हणालो. गेम उघडला. पट दिसला. मला इतका आनंद झाला की मी त्याच्या माणसांसकट सगळ्यांना चहा सांगितला.

चहा येईपर्यंत आनंद संपला. आधी केस वाढवायच्या तेलाची जाहिरात आली, ती बंद करायची फुली सापडेना. मग रमीची आली. ती गेल्यावर दिसलं की माझं नाव गेलंय, त्या जागी पाहुणा आणि पुढं एक लांबलचक आकडा. ज्यांच्याशी खेळायचं त्यांची यादी कोरी. अक्का नाही.

"माझी बहीण कुठं हाय?" मी विचारलं. दुकानातली माणसं माझ्याकडं बघायला लागली.

मोबाईलवाल्यानं समजावून सांगितलं. जुना गेम मी काढून टाकला तेव्हा माझं खातंही त्याबरोबर गेलं, कारण मी कुठं नोंदच केली नव्हती.

"नवा फोन घेतला तर?"

"नव्यात बी तुमी पाव्हणंच. त्यास्नी फोन करून त्यांचा कोड मागून घ्या. सा अक्षरं असत्यात, लगीच जोडतो."

फोन करून. ज्याला विचारावं तो मला तिथंच आणून उभा करत होता.

घरी येऊन दोन-तीन दिवस मी पाहुणा म्हणूनच खेळलो. समोर कोण कुठला माणूस, आणखी एक पाहुणा, आणखी एक आकडा. सोंगटी मारली की हसणारं तोंड पाठवायचा, एक नाही, दहा. माझ्या बहिणीचं चित्र हा कोण परका मला पाठवतोय, म्हणून मी चिडून डाव अर्ध्यात सोडला. तोवर तिसरा आठवडा लागला होता. माझी खात्री झाली होती की अक्कानं आता मनातून मला कायमचं काढून टाकलंय. दुकानात एका मोटारीत मी उलटं वाइंडिंग भरलं. पस्तीस वर्षांत पहिल्यांदा. सगळी तार परत काढावी लागली.

त्या दिवशी बायकोनं आवाज न चढवता सांगितलं. ती आवाज चढवत नाही तेव्हा मला भीती वाटते.

"तुमास्नी कुणी घरी येऊन बोलावलं न्हाय म्हणून तुमी नऊ वर्सं राग धरला. आता तुमी तरी जावा की घरी. फोनवर बोलाय येत न्हाय तर तोंडानं बोला."

रविवारी दुपारी एसटीत बसलो. गडहिंग्लजला गाडी बदलली. फोन खिशात होता, वाटेत चार वेळा काढून त्याला मनातल्या मनात शिव्या दिल्या. अक्कासमोर कसं मांडायचं याची जुळवाजुळव करत होतो. सिस्टीम, आवृत्ती, खातं, कोड. मी रुसलेलो नाही, हे फोन दाखवून पटवायचं, असा बेत. साक्षीपुराव्यासकट निघालेलो.

नेसरीत उतरून घरापाशी पोचलो तेव्हा चार वाजून गेले होते. दाजी डेअरीला दूध घालायला गेले होते. अक्का सोप्यात, पुढच्या पडवीत, खुर्चीवर बसली होती. पाय समोरच्या पाटावर. केस पार पांढरे झालेले. गेममध्ये ते दिसत नव्हतं. तिनं मान वर केली, माझ्याकडं बघितलं आणि बघतच राहिली. ये म्हणाली नाही. तोंडावरचा राग कसा असतो ते मला माहीत आहे, आणि तो राग नव्हता. मी उंबऱ्याबाहेर उभ्या उभ्याच फोन काढला.

"अक्का, फोन जुना झालाय. गेम निघून गेला त्यातनं. मी मुद्दाम बंद केलेलं न्हाय. मी लई खटपट केली, पर..."

"तांब्या हाय तितं," ती म्हणाली. "पाय धू."

तांब्या घ्यायला वाकलो तर भिंतीकडेला वर्तमानपत्रांचा गठ्ठा दिसला. वीसेक असतील. सगळी एकाच पानावर दुमडलेली. या घरात पूर्वी पेपर येत नव्हता, एवढं मला आठवत होतं. काहीतरी बोलायचं म्हणून मी चेष्टा केली.

"पेपर कवापासनं वाचायला लागलीस गं?"

"तू खेळाय यायचा बंद झालास तवापासनं."

मी वरचा पेपर उचलला. दुमडलेलं पान निधनवार्तांचं होतं. ओळीनं लहान लहान फोटो, आणि प्रत्येकाखाली रक्षाविसर्जन कधी, किती वाजता. आमच्या भागात माणूस गेला की लांबच्या पै-पाहुण्यांना बऱ्याचदा त्या पानावरूनच कळतं आणि लोक रक्षेला पोचतात.

"रोज बघत हुते," अक्का म्हणाली. "आपला बा गेला तवा तुझ्याएवढाच हुता. दुकानात बसल्या बसल्या गेला. तुझ्याकडचं मला कोण सांगणार? माती तर चुकलीच असती, म्हटलं रक्षा तरी गावावी."

मला राग यायला हवा होता. कुणी जिवंतपणी माझी रक्षा शोधतंय, म्हटल्यावर मी एरवी गल्ली डोक्यावर घेतली असती. पण एकवीस दिवस ती रोज सकाळी ते पान उघडत होती आणि माझा फोटो नाही बघून घडी घालत होती, आणि तेवढे एकवीस दिवस मी फोनला दोष देत बसलो होतो. माझीच मला लाज वाटली. तरी तोंडातून निघालं ते भांडणच.

"मंग एक फोन लावायचा हुतास की."

"लावणार हुते," ती म्हणाली. "रोज नंबर काढत हुते. पर तू सोडून दुसऱ्या कुणी उचलला असता तर?"

मी पाय धुतले, आत आलो आणि तिच्या खुर्चीपाशी खाली बसलो. ती माझ्या डोक्यावर हात ठेवून रडली, आणि मीही रडलो.